पंजाची पकड कोण ठरवतं?

मा. संपादक,
मी खेळणी उचलायच्या पंजाच्या मशीन लावतो, म्हणून मनापासून लिहितोय. लोकांना वाटतं सगळा हाताचा खेळ आहे, पण पंजा आवळणाऱ्या कॉइलला (विजेच्या तारेच्या गुंडाळीला) किती व्होल्टेज द्यायचं, म्हणजे पकड किती घट्ट ठेवायची, ते मशीनवालाच आतल्या सेटिंगमधून ठरवतो, आणि बऱ्याच मशीनमध्ये तर ठराविक डाव झाल्यावरच पूर्ण जोराची पकड मिळते, बाकी वेळी पंजा बाहुली उचलतो आणि वर गेला की सैल पडतो. त्यात खेळणी ठासून भरली की एकही सहज निघत नाही. पोरं काचेला नाक लावून बघत बसतात हो, जीव तुटतो! मी खेळणी मोकळी टाकतो, पकड प्रत्येक डावाला सारखीच ठेवतो. सेटिंग काय आहे ते मशीनवर ठळक लिहायची सक्ती करा.

– एक मशीनवाला