रॉड सर्लिंग ‘ट्वायलाइट झोन’कडे का वळला?

माननीय संपादक,
स. न. वि. वि.

रविवारच्या पुरवणीतला जुन्या अमेरिकी टीव्हीवरचा लेख आवडला. मात्र त्यात टीव्हीलेखक रॉड सर्लिंगला ‘गूढकथांचा बादशहा’ म्हणून चार ओळींत निकालात काढलं आहे. ‘द ट्वायलाइट झोन’ ही अद्भुत कथांची टीव्ही मालिका हे त्याचं सगळ्यांत गाजलेलं काम, यात वाद नाही. पण तो तिकडे वळला कशामुळे, हे लेखात कुठेच येत नाही.

1955 मध्ये त्याचं ‘पॅटर्न्स’ हे टीव्हीवरचं नाटक एवढं गाजलं की महिन्याभरात ते पुन्हा थेट सादर करावं लागलं. पुढच्याच वर्षी ‘रेक्विएम फॉर अ हेवीवेट’. तिशी नुकतीच उलटली होती आणि नाव झालं होतं, तरी अखेरचा शब्द कार्यक्रमाला पैसा पुरवणाऱ्या प्रायोजकाचाच! एमेट टिल या 14 वर्षांच्या कृष्णवर्णीय मुलाचा मिसिसिपीत खून झाला आणि आरोपी निर्दोष सुटले. त्या प्रकरणाशी मिळतंजुळतं सर्लिंगचं ‘नून ऑन डूम्सडे’ हे नाटक 1956 साली एका पोलाद कंपनीच्या पैशावर चालणाऱ्या कार्यक्रमात व्हायचं होतं. याचा सुगावा लागताच दक्षिणेतल्या गोऱ्यांच्या संघटनांनी पत्रांचा मारा केला, बहिष्काराच्या धमक्या दिल्या आणि कंपनीची पाचावर धारण बसली. कथेतलं गाव उचलून थेट ईशान्येकडच्या न्यू इंग्लंडात नेलं, मेलेला माणूस कुणी बिननावाचा परदेशी झाला. सेटवरची कोकाकोलाची बाटलीसुद्धा हटवली, कारण काय, तर तिने म्हणे दक्षिणेची आठवण होते! दोन वर्षांनी त्याने तोच विषय पुन्हा हाती घेतला, तर कथा 1870च्या दशकात ढकलली गेली.

एवढं झाल्यावर 2 ऑक्टोबर 1959 ला ‘ट्वायलाइट झोन’ सुरू झालं. निर्मितीसंस्था त्याची स्वतःची, 156 पैकी 92 भाग त्याने लिहिलेले. मेपल स्ट्रीटवरचा भाग आठवून पाहा. गल्लीतली वीज जाते, गाड्या बंद पडतात. एकाचीच गाडी आपोआप सुरू होते, आणि कालपर्यंत गप्पा मारणारे शेजारी त्याच्याकडे संशयाने बघू लागतात. रात्र होईतो गोळी सुटून एक शेजारी मरतो. परग्रहवासी टेकडीवर बसून नुसती बटणं दाबत असतात. यात ना मिसिसिपी, ना बाटली. प्रायोजकाने खोडायचं तरी काय? कधी कधी सर्लिंग शेवटी फार उपदेश करतो, हे मात्र मान्य.

लेखात ‘नाइट गॅलरी’ या त्याच्या नंतरच्या मालिकेचाही गौरव आहे, तो जरा जास्तच वाटला. तिथे पडद्यावर चेहरा त्याचा असला तरी निर्मितीची सूत्रं दुसऱ्यांकडे होती आणि त्यावरून त्याचे खटके उडत. 1975 मध्ये, अवघ्या पन्नाशीत तो गेला. लेखकमहाशयांनी 1955 ते 1959 या चार वर्षांवर स्वतंत्र लेख लिहावा, अशी विनंती आपल्यामार्फत करतो.

आपला,
एक नियमित वाचक, डोंबिवली