मोहोरावर दिलेली बाग

देवगड, १४ जानेवारी

चि. बाय हिला आबांचे अनेक आशीर्वाद.

रविवारी फोनवर तू सांगितलंस, चॅनलच्या विनोदी कार्यक्रमाचं लिखाण सोडते आणि स्वतःच निर्माती होते. तेव्हापासून आईच्या वतीने घरात फक्त भांडी बोलताहेत. मी गप्प राहिलो, कारण मोहोरावर फवारणी चालली होती. आज निवांत आहे.

तुझं ते कॉन्ट्रॅक्ट दोनदा वाचलं. बत्तीस वर्षं तलाठ्याची नोकरी केली, कागद मला कळतो. ‘कायमस्वरूपी, जगभर, सर्व माध्यमांत’ हक्क त्यांचे. अगो, हे तर खरेदीखत! तू समजत होतीस मजुरीवर लिहितेय; विकत होतीस दर आठवड्याला एकेक गुंठा, आणि त्याचे पैसे नव्वद दिवसांनी. २०१२ साली कॉपीराइट कायद्यात दुरुस्ती झाली. आता लेखकाने हक्क विकले तरी रॉयल्टीतला त्याचा वाटा निर्मात्याला लिहून देता येत नाही, चित्रपटगृहातला खेळ तेवढा सोडून. आणि करारात मुदतच घातली नसेल तर ती पाच वर्षं धरतात. म्हणून तर ते ‘कायमस्वरूपी’ आठवणीने घालतात. उद्या तू निर्माती झालीस की तुझ्या लेखकांपुढे हाच कागद सरकवशील का, ते आधी मला कळव.

परवा वाडीतल्या पूजेला पोरांनी तुझं बँकेतल्या म्हातारीचं स्किट केलं. लोक पोट धरून हसले. शेजारी बसलेला म्हणाला, ‘मेल्यान काय लिवल्यान हा!’ कोणी, ते त्याला ठाऊक नव्हतं. टीव्हीवर शेवटी नावं धावतात, चष्मा पुसेपर्यंत तू गेलेली असतेस. मी मुद्दाम काही बोललो नाही. (आई बोलली. सगळ्या मांडवाला.) आपल्या दशावतारात संकासूर भटजीला काय उलट बोलणार ते कुठे लिहिलेलं नसतं, तिथल्या तिथे सुचतं, त्यामुळे मालक कोण हा प्रश्नच येत नाही. तुझा धंदा कागदावरचा.

गवाणकरांचं ‘वस्त्रहरण’ १९८० साली आलं आणि मालवणी बोलीतल्या त्या नाटकाचे पाच हजारांवर प्रयोग झाले. लोकांना मच्छिंद्र कांबळींचा तात्या सरपंच आठवतो. मला आठवतं ते हे, की त्या माणसाने पुढे ‘भद्रकाली प्रॉडक्शन्स’ ही स्वतःची संस्था काढली. दादा कोंडक्यांनी १९७१ साली ‘सोंगाड्या’ स्वतः काढला, पण लिहायला वसंत सबनीसच, ज्यांच्या वगात त्यांनी आधी काम केलं होतं. हसवणाऱ्याने मालक व्हावं, यात वावगं काही नाही.

पण मी अकरा वर्षं बाग मोहोरावर देतोय, म्हणजे फळ धरायच्या आधीच व्यापाऱ्याला ठरलेल्या रकमेत. एका वर्षी झाडं वाकली, व्यापाऱ्याने नवी गाडी घेतली आणि मी ठरलेल्या रकमेत गप्प. दुसऱ्या वर्षी थ्रिप्सची कीड, वर अवकाळी पाऊस. तो डोक्याला हात लावून बसला, मी मात्र जेवून झोपलो. ती झोप मला फार आवडते, खोटं कशाला सांगू. तुला ती आता मिळणार नाही. एपिसोड पडला तर कलाकार, कॅमेरावाला, जेवणवाला, सगळे तुझ्या दाराशी उभे. आणि दारावर थाप पडत असताना विनोद सुचायला हवा, हे वेगळंच.

तुझ्या भांडवलासाठी बाग गहाण ठेवणार नाही. ती आजोबांनी कातळ फोडून केलीय. पण यंदा मोहोरावरही देणार नाही. राखण, काढणी, पेटी भरून वाशीला पाठवणं, सगळं स्वतः करतो. खर्च वजा जाता जे उरेल त्यातलं अर्धं तुझं, हिशेबाच्या वहीत तुझ्या नावाने. उरलंच नाही तर दोघे मिळून आईला तोंड देऊ.

राखणदार अजून मिळालेला नाही आणि वांदर आतापासूनच बघून जाताहेत. तुझ्याकडचा एखादा लेखक रिकामा असेल तर मार्चपासून पाठवून दे. जेवण, चहा आणि खाट देतो. पगार नव्वद दिवसांनी.

तुझे
आबा