आठ्याची गोष्ट

रविवार, रात्रीचे साडेदहा

प्रिय नीलू,

परवा फोनवर तुला 'सगळं ठीक आहे' म्हणाले, ते काही खरं नव्हतं. ओटीवर माणसं बसली होती, त्यांच्यासमोर दुसरं काय बोलणार? आज घर मोकळं झालंय. आई झोपलीय, निदान पडली तरी आहे. दादा-वहिनी अथर्वला घेऊन माडीवर गेलेत. मी स्वयंपाकघरात पाटावर बसून अथर्वच्या जुन्या वहीत तुला लिहितेय. अक्षर सांभाळून घे.

अण्णांना जाऊन आज बावीस दिवस झाले. दवाखान्याचं तुला सांगून झालंय, ते परत उगाळत नाही. आज लिहायचंय ते टिप्याबद्दल. तुला आठवतो ना? मागच्या दिवाळीत तुझी चप्पल पळवली होती, तोच. अण्णांनी उसाच्या फडातून उचलून आणलं तेव्हा कुत्र्याचं ओंजळीएवढं पिल्लू होतं. कपाळावर पांढरा ठिपका, म्हणून टिप्या. तेव्हापासून पाच वर्षं रोज पहाटे साडेपाचला अण्णा दुधाची किटली घेऊन निघाले की हा पुढे. डेअरीच्या दारातल्या कडुनिंबाखाली बसायचा, माप-फॅट होऊन पावती मिळेपर्यंत. मग परत पुढे.

आता दूध दादा मोटरसायकलवर घालतो. टिप्या त्याच्या मागं जात नाही. आपल्या वेळेला, आपल्या वाटेनं एकटा जातो आणि दहा वाजेपर्यंत त्या लिंबाखाली बसून राहतो. गावभर हाच विषय. भेटायला येणारा प्रत्येक जण आधी टिप्याचं काढतो. 'मुक्या जनावराला कळतंय बघा!' कुणी फोटो काढतं, कुणी बिस्किटं टाकतं.

अथर्व मात्र दहाव्यापासून गप्प होता. त्याचं कारण टिप्या नाही, कावळा. कृष्णेच्या घाटावर पिंड मांडले, तास झाला तरी एक कावळा खाली उतरेना. वडावर चांगले चार-पाच बसले होते, वरूनच बघत होते. मग नेहमीचं सुरू झालं. काकांनी हात जोडून सांगितलं, बांधाचं भांडण मिटवतो. दादा म्हणाला, आईला अंतर देणार नाही. कुणीतरी मलाही पुढं ढकललं, मी काय पुटपुटले मलाच माहीत नाही. ऊन चढलं तसे गुरुजी चुळबुळायला लागले (त्यांना पुढं आणखी एक दहावा होता) आणि शेवटी त्यांनी दर्भाचा कावळा करून पिंडाला शिवला. झालं, सगळे उठले. माझ्या पदराला धरून अथर्व एवढंच म्हणाला, "आत्या, हा खोटा कावळाय."

तेराव्याला प्रवचनकार महाराजांनी महाप्रस्थानाची कथा लावली. पांडव हिमालयात निघाले, द्रौपदी पडली, एकेक भाऊ पडला, शेवटपर्यंत मागं राहिलं ते एक कुत्रं. इंद्राचा रथ आला तर धर्मराज म्हणाला, याला सोडून मी चढणार नाही. महाराजांनी गोष्ट सुरेख सांगितली, बायांनी डोळ्याला पदर लावले. आणि हा पठ्ठ्या मोठ्यांदा विचारतो, "मग आबांनी टिप्याला का नाही नेलं?" (अण्णांना तो आबा म्हणायचा.) महाराज हसले आणि पुढच्या अभंगाकडं वळले. बरोबरच आहे, काय सांगणार?

त्या रात्री तो माझ्या अंथरुणात आला. मोबाइलमध्ये फोटो बघताना तुझ्या मनूचा टोकियोतल्या शिबुया स्टेशनासमोरच्या कुत्र्याच्या पुतळ्याला टेकून काढलेला फोटो लागला. "हा कुणाचा कुत्रा?" म्हणून विचारलं आणि मी सापडले. तू मागं मला सांगितली होतीस, तशीच हाचीची गोष्ट त्याला सांगायला बसले.

म्हटलं, हा अकिता जातीचा. जपानच्या उत्तरेला ओदाते गाव आहे, तिथं १९२३ साली जन्मला. टोकियोत एक प्राध्यापक होते, उएनो त्यांचं नाव. शेतकी शिकवायचे, शेतजमीन कशी आखायची, पाण्याचा निचरा कसा करायचा, ते सगळं. "आबांसारखे?" आबांसारखेच समज, फक्त चिखलात कमी उतरत असतील. त्यांनी पिल्लू आणलं आणि नाव ठेवलं हाची. हाची म्हणजे आठ.

"म्हणजे आठ्या!" नीलू, अण्णा गेल्यापासून पोरगं पहिल्यांदा हसलं. मग कपाळाला आठ्या घालून दाखवल्या. आता आमच्याकडं तुमच्या हाचीचं नाव आठ्या पडलंय, तिकडं कुणाला सांगू नकोस.

पुढचं सांगितलं. प्राध्यापक कामावरून परतायचे तेव्हा आठ्या स्टेशनावर घ्यायला जायचा. १९२५ च्या मे महिन्यात ते विद्यापीठातच कोसळले आणि गेले. आठ्या त्यांच्याजवळ राहिला होता जेमतेम दीड वर्ष. त्यानंतर जवळजवळ दहा वर्षं तो स्टेशनावर जात राहिला. सुरुवातीला तिथली माणसं त्याला हुसकावायची, पोरं त्रास द्यायची. १९३२ मध्ये पेपरात बातमी आली, मग लाड सुरू झाले. १९३४ ला पुतळा उभा केला, त्या समारंभाला तो स्वतः हजर होता. "स्वतःचा पुतळा स्वतः बघितला?" हो. पुढच्या मार्चमध्ये गेला. लढाईत तो पुतळा वितळवला, तेव्हा मूळ शिल्पकाराच्या मुलानं १९४८ मध्ये नवा केला. मनू टेकलीय तो हाच. आठ्याचं कातडं पेंढा भरल्यासारखं जतन करून टोकियोच्या संग्रहालयात ठेवलंय, हेही सांगून बसले. सांगायला नको होतं. लगेच प्रश्न, "मग तो खरा का खोटा?" दर्भाचा कावळा अजून डोक्यात होता.

मी म्हटलं, केस खरे आहेत. बराच वेळ गप्प पडून राहिला. मला वाटलं झोपला. मग अंधारातून आवाज आला, "दहा वर्षांत त्याला कुणी सांगितलंच नाही का?"

काय बोलू? ही गोष्ट मी कितीदा ऐकली असेन, रडलेही असेन, पण हे कधी डोक्यात आलं नाही. आपण सगळे त्याच्या निष्ठेचं कौतुक करत बसलो.

दुसऱ्या दिवशी पहाटे मी चहा ठेवत होते. मागच्या दाराशी अथर्व उकिडवा बसलेला, टिप्याचा कान हातात धरून. "टिप्या, आबा मेले. दवाखान्यात मेले. डेअरीत नाहीत. येणार नाहीत." अगदी असंच. आमच्या घरात अण्णा गेल्यापासून हा शब्द कुणी उच्चारला नव्हता बघ. देवाघरी गेले, वारले, आपल्यातून गेले, असलंच सगळं. वहिनी पुढं होऊन त्याला दटावणार तेवढ्यात आईनं तिला हातानं थांबवलं. चुलीपाशी बसून ती ऐकत होती.

टिप्यानं त्याचं तोंड चाटलं, अंग झटकलं, आणि साडेपाचला निघाला डेअरीकडं.

अथर्व म्हणाला, "कळलंय त्याला. कळलं तरी जातोय." त्यानंतर मात्र तो जेवला, दोन भाकरी आणि वर भात.

पोराला एक गोष्ट मी सांगितली नाही, ती तुला सांगते. उएनोंबरोबर याएको नावाची बाई राहायची, संसारच होता, पण लग्नाची कायदेशीर नोंद नव्हती. ते गेल्यावर तिला ते घर सोडावं लागलं. हाचीला सांभाळलं ते त्यांच्या बागेत काम करणाऱ्या माणसानं. कुत्र्याचा पुतळा नऊ वर्षांत झाला. ती बाई १९६१ मध्ये गेली आणि तिच्या अस्थी त्यांच्या शेजारी ठेवल्या २०१६ मध्ये! हे वाचलं आणि माझी नजर आईकडं गेली. आमच्याकडं येणारी माणसं टिप्यापाशी थबकतात, हळहळतात, आणि आत आलं की आईला विचारतात, 'कागदपत्रं झाली का?' मी तरी काय वेगळं केलं? दाखल्यावरचं नाव तपासत बसले होते.

हाचीच्या पोटात म्हणे भाजलेल्या कोंबडीच्या काड्या सापडल्या होत्या. त्यावरून काही शहाणे म्हणतात, तो खाण्यासाठीच यायचा. यायचा तर येऊ दे ना! टिप्यासुद्धा डेअरीत सांडलेलं दूध चाटतो. म्हणून काय झालं? कुणीतरी काडीवरचा घास दहा वर्षं पुढं करत होतं, मला तर गोष्टीतला तोच भाग आवडतो.

आणि काल काय झालं ऐक. दादा किटली मोटरसायकलला अडकवत होता. आईनं ती काढून घेतली. म्हणाली, "मी जाते." चाळीस वर्षं म्हशीची धार काढली या बाईनं, पण डेअरीची पायरी कधी चढली नव्हती, ते अण्णांचं काम. पदर खोचला, पायात अण्णांच्या वहाणा सरकवल्या (तिच्या सापडेनात) आणि चालायला लागली. टिप्या पुढं. वळणाशी थांबून त्यानं एकदा मागं बघितलं, ही येतेय का ते.

तास झाला, सव्वा तास झाला. दादा निघणारच होता शोधायला. तेवढ्यात दोघं येताना दिसली. आईचा चेहरा लाल. मला वाटलं रडलीय. किटली दाणकन कट्ट्यावर आदळली आणि म्हणाली, "पाच पॉइंट आठ फॅट लावतोय मेला! माझ्या म्हशीला? तुझा बाप काय झोपा काढायचा का तिथं? परत मोजायला लावलं मी. सहा पॉइंट चार आलं."

आज पहाटेही गेली. टिप्या दहापर्यंत थांबला नाही, तिच्याबरोबरच परतला. उद्याचं उद्या.

आता एक काम. टोकियो विद्यापीठाच्या शेतकी विभागात दुसरा पुतळा आहे ना, २०१५ मध्ये बसवलेला, प्राध्यापक परत आलेत आणि हाची त्यांच्या अंगावर उडी घेतोय तो? तुमच्या निशी-कासाईच्या घरून लांब पडेल, तरी एखाद्या रविवारी मनूला घेऊन जा आणि फोटो पाठव. अथर्वला मी अजून त्याबद्दल बोलले नाही. खोटाय म्हणाला तर म्हणू दे. प्रिंट काढून त्याच्या हातात देणार आहे, मग त्याचा तो ठरवेल.

मनूला गोड पापा. अण्णांच्या वहाणा आई आता सोडत नाही, तिला नव्या आणायच्या म्हणते तर अंगावर येते.

तुझी,
शुभा