ओएमआर जपून ठेवा, मग कोर्टात बघू

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

भरतीचा निकाल कोर्टात अडकला की आपल्याकडे लगेच सुरू होतं, "कोर्टच नोकऱ्या खातं". आमच्या इंदूरच्या कोचिंग क्लासवाल्या भंवरकुआं भागात चहाच्या टपरीवर उभे राहा, दहा मिनिटांत ऐकू येईल. मला हे काही पटत नाही. कोर्ट कोणाला निवडत नाही हो, निवड नियमाने झाली का तेवढंच बघतं आणि ते बघायला कागद लागतो, कागदच नसेल तर जजसाहेब तरी काय करणार, सुक्याबरोबर ओलंही जळतं.

बंगालचं घ्या. 2016 च्या भरतीतल्या शिक्षक आणि शाळा कर्मचाऱ्यांच्या 25,753 नेमणुका हायकोर्टाने रद्द केल्या होत्या, सुप्रीम कोर्टाने 3 एप्रिल 2025 ला तेच कायम ठेवलं. त्यात पैसे चारून लागलेले होते तसे रात्र रात्र जागून पास झालेलेही होतेच की, पण मूळ ओएमआर शीट (गोल काळे करायच्या उत्तरपत्रिका) नष्ट केलेल्या, स्कॅन कॉपीसुद्धा तिथल्या शाळा भरती आयोगाकडे धड नाही, मग खरं-खोटं पूर्ण वेगळं करायचं कसं? ज्यांच्यावर ठपका आला त्यांना पगार परत करायला सांगितला, बाकीच्यांना नाही, पण नोकरी दोघांचीही गेली.

उलट आपलं व्यापमं, म्हणजे मध्य प्रदेशचं परीक्षा मंडळ. बदनामी देशभर झाली, ती व्हायलाच हवी होती. पण पीएमटीतला, म्हणजे मेडिकलच्या प्रवेश परीक्षेतला तो 'इंजन-बोगी' प्रकार आठवतो ना, एक हुशार पोरगा आणि त्याला चिकटून पैसेवाला, रोल नंबर मुद्दाम लागोपाठचे. ते नंबर रेकॉर्डवर राहिले म्हणून जोड्या उघड्या पडल्या आणि फेब्रुवारी 2017 मध्ये सुप्रीम कोर्टाने 634 जणांचे प्रवेश रद्दच ठरवले, सगळ्या बॅचवर नांगर फिरला नाही. प्रवेश वेगळा, नोकरी वेगळी, मान्य, पण मुद्दा तोच.

आपल्या मध्य प्रदेशातल्या पटवारी (तलाठी) भरतीत 2023 ला टॉप टेनमधले सात जण ग्वाल्हेरच्या एकाच सेंटरचे निघाले, नेमणुका थांबल्या, निवृत्त न्यायाधीशांमार्फत चौकशी बसली, 2024 मध्ये क्लीन चिट मिळून ऑर्डरी निघाल्या. मधले महिने निवड झालेल्या पोरांनी टोमणे खाल्ले, आमच्या ओळखीत एकाच्या लग्नाची बोलणीसुद्धा "आधी ऑर्डर येऊ द्या" म्हणून लांबली. आणि 87-13 चं तर विचारूच नका, ओबीसी आरक्षण 2019 मध्ये 14 वरून 27 टक्के केलं, ते कोर्टात गेलं आणि 87 टक्के पदांचे निकाल लागले, वादातल्या 13 टक्के पदांचे होल्डवर. डिसेंबर 2024 मध्ये एमपीपीएससीच्या (मध्य प्रदेश लोकसेवा आयोगाच्या) ऑफिससमोर मुलं थंडीत रात्री काढत होती त्यात माझा पुतण्याही होता, घरी आला तो घसा बसवून.

मी स्वतः एका सरकारी ऑफिसात आस्थापनेत बाबू होतो. जुनं रेकॉर्ड रद्दीत काढायची यादी दरवर्षी निघायची, पण ज्या फाइलीवर लाल पेन्सिलीने 'कोर्ट केस' लिहिलेलं असेल तो बस्ता कपाटातून हलत नसे, साहेब कितीही ओरडले तरी. तेव्हा कॉम्प्युटर नव्हता, जागा नव्हती, उंदीर मात्र भरपूर होते. आज सगळं स्कॅन होतं तरी शीट गायब कशा होतात ते मला कोणी समजावून सांगा.

म्हणून एमपीपीएससी आणि कर्मचारी चयन मंडळ (पूर्वीचं व्यापमं), दोघांना विनंती आहे, उत्तरपत्रिका नि ओएमआर किती वर्षं ठेवणार, कुठे ठेवणार आणि केस लागली तर शेवटच्या फैसल्यापर्यंत त्यांना हात लावणार नाही, हे भरतीच्या जाहिरातीतच छापा. फी कशी भरायची त्याच्या सूचना पानंच्या पानं असतात, त्यात या दोन ओळी सहज मावतील.

– एक निवृत्त बाबू, सुदामा नगर, इंदूर