'आयसो' म्हणजे तेंच तें नव्हे: आरोग्यमंत्र्यांना खुलं पत्र

मा. आरोग्यमंत्री,
गोवा सरकार, पर्वरी

साहेब, सप्रेम नमस्कार.

मी डिचोलीत डीटीपी आणि झेरॉक्सचं छोटं दुकान चालवते, एकवीस वर्षं झाली. अ‍ॅफिडेव्हिट, लग्नपत्रिका, भजनी मंडळाची पावती पुस्तकं, जे येईल ते टाईप करते, त्यामुळे छापील कागद हातात आला की आधी फॉन्ट बघायचा आणि मग मजकूर, ही खोडच लागलीय. हे पत्र लिहायला बसले तेही एका छापील पट्टीमुळेच, म्हणजे गोळ्यांच्या पट्टीमुळे. मोर्चा वगैरे काढायचा नाहीये, फक्त एका औषधाच्या नावाबद्दल बोलायचंय.

झालं असं की चतुर्थीला सगळे आईकडे जमलो होतो आणि माझी भाची जेवताना रडकुंडीला आलेली. ओठ इतके फुटलेले की खतखत्यातलं तिरफळ लागलं तरी झोंबत होतं, सोलकढी तर तिने बाजूलाच सारली. विचारलं तर म्हणाली मावशी, पिंपल्सचं औषध चालू आहे, डॉक्टरनेच दिलेलं. तुळशीच्या लग्नानंतर हिचं लग्न, त्यामुळे चेहऱ्याची काळजी जरा जास्तच. औषध बघू म्हटलं तर पर्समधून पट्टीचा कापलेला तुकडा काढला, त्यावर नाव अर्धवट, शेवटचं 'ट्रेटिनॉइन' तेवढं दिसतंय. मोबाईलमध्ये जुन्या क्रीमच्या ट्यूबचा फोटो, ते क्रीम दोन वर्षांपूर्वी खरंच डॉक्टरने दिलेलं, त्यावरही ट्रेटिनॉइन. जुळलं की! फार्मसीत तिने तो फोटोच दाखवला होता आणि काउंटरवरचा पोरगा म्हणाला, "तेंच तें गो, क्रीम ना, गुळयो आसात." म्हणजे तेच आहे, क्रीम नाहीये, गोळ्या आहेत.

सहा घेतल्या, संपल्या, परत जाऊन सहा आणल्या. दुसऱ्या खेपेचा तुकडा नशिबाने त्याच पट्टीचा निघाला. मी दोन्ही तुकडे पाटावर एकमेकांना लावून बघितले, फाटलेली पावती जुळवतात तसे, आणि पूर्ण नाव दिसलं: आयसोट्रेटिनॉइन. पुढचं 'आयसो' इतके दिवस दुकानात पडून होतं.

आता या नावाची गंमत सांगते, कारण त्या पोरावर मी चिडले होते पण नंतर बघितलं तर त्याने नावाचं भाषांतरच केलं होतं हो. आयसो हा ग्रीक शब्द, अर्थ समान, सारखं. ट्रेटिनॉइन म्हणजे ट्रान्स-रेटिनॉइक अ‍ॅसिड हे आखूड करून बनवलेलं नाव. दोघांत २० कार्बन, २८ हायड्रोजन, २ ऑक्सिजन, अणू तेवढेच, फक्त १३व्या कार्बनपाशी साखळीचं वळण वेगळं. म्हणून 'आयसो'. केमिस्ट्रीवाल्यांना यात सगळं समजलं, आणि जिने ते गिळायचं तिला कळलं तेंच तें.

आणि रेटिन कुठून आलं? डोळ्यातल्या रेटिनावरून. तिथे अ जीवनसत्त्व काम करतं म्हणून त्याचं नाव रेटिनॉल, आणि ही सगळी औषधं त्याच घराण्यातली. रेटिना शब्द लॅटिन रेतेपासून, रेते म्हणजे जाळं. आमच्याकडची पोर्तुगीज शिकलेली म्हातारी माणसं लगेच ओळखतील, पोर्तुगीजमध्ये जाळ्याला रेद म्हणतात. म्हणजे बघा, रापणीचं जाळं, त्यावरून डोळ्याचा पडदा, त्यावरून जीवनसत्त्व, त्यावरून पिंपल्सची गोळी. मला वाचताना मजा आली, खोटं कशाला बोलू. पण एवढ्या लांबच्या प्रवासात या नावात कुठेही, अगदी कुठेही, असं सुचवलेलं नाही की ही गोळी पोटातल्या बाळाला भयंकर अपाय करते.

तेच तर मुख्य आहे. दिवस गेलेले असताना ही गोळी पोटात गेली तर बाळाच्या कानात, हृदयात, मेंदूत व्यंग येऊ शकतं, आणि हे लाखात एखादं असं नाही, जन्मलेल्या बाळांपैकी साधारण शंभरातल्या २० ते ३५ जणांत मोठं व्यंग सापडलेलं आहे. बाकी औषध वाईट नाही, हेही सांगायला पाहिजे, कारण माझं पत्र वाचून कोणी बंदीबिंदी मागायला नको. ज्यांच्या चेहऱ्यावर गाठींसारखे फोड येतात, खड्डे पडतात, घराबाहेर पडायची लाज वाटते, त्यांना याच्यासारखं दुसरं औषध नाही म्हणतात. अमेरिकेत १९८२ साली त्याला परवानगी मिळाली ती अशा हट्टी मुरुमांसाठीच. पण तिथेही २००६ पासून बायकांना हे घ्यायचं तर नाव नोंदवावं लागतं, सुरू करण्याआधी दोनदा आणि मग दर महिन्याला गरोदरपणाची टेस्ट, ती निगेटिव्ह आली तरच पुढची गोळी. आणि इथे भाचीला मिळाली ती मोबाईलमधला फोटो बघून.

पट्टीवर इशारा नव्हता का? होता ना. पोट आलेल्या बाईचं चित्र आणि त्यावर गोल करून आडवी रेघ, शेंगदाण्याएवढं. मी ते आईला दाखवलं, तिचं वय अठ्ठ्याहत्तर, चष्मा पुसून नीट बघितलं आणि माझ्याकडे बघून हळूच विचारते, "पोर होऊ नये म्हणून घेतात ती गोळी ना ही? लग्नाआधीच कशाला देता तिला?" मला हसू आलं आणि मग एकदम गार पडले. कारण चित्र बघून दुसरा कुठला अर्थ निघतो सांगा? नंतर वाचलं तर परदेशातही अशा चित्राची चाचणी घेतली तेव्हा कित्येक बायकांनी त्याचा अर्थ गर्भनिरोधक असाच लावलेला. म्हणजे जी गोळी घेताना मूल राहताच कामा नये, ती घेऊन एखादी बाई बिनधास्त राहील की आता मूल राहणारच नाही. अगदी उलटं!

दुसऱ्या दिवशी भाचीला स्किनच्या डॉक्टरबाईंकडे नेलं. त्या रागावल्या नाहीत, गोळी बंद केली, टेस्ट केली, लिव्हर आणि कोलेस्टेरॉल-ट्रायग्लिसराईडसाठी रक्त काढलं, सगळं ठीक निघालं. म्हणाल्या बंद केल्यावर एक महिना दिवस जाऊ द्यायचे नाहीत, एवढ्या दिवसांत औषध अंगातून निघून जातं, लग्न करा खुशाल. मग म्हणाल्या जेवण कसलं होतं त्या दिवसांत? नेवऱ्या, लाडू, सगळं तुपातलं नि तेलातलं. त्या हसल्या, म्हणे ही गोळी तेलातुपाच्या जेवणाबरोबर जास्त चांगली अंगी लागते, तुम्ही अगदी पथ्य पाळून घेतलीत. आणखी एक विचारलं की सोबत डॉक्सी चालू नाही ना. पिंपल्सवर डॉक्सीसायक्लिन सर्रास देतात आणि पावसात शेतात उतरणाऱ्यांना लेप्टो (उंदरांमुळे पसरणारा ताप) होऊ नये म्हणूनही देतात, आमच्या घरात ती पट्टी असतेच. या दोन्ही एकत्र घेतल्या तर डोक्यातला दाब वाढू शकतो, डोकं दुखतं, नजरेवर येतं. व्हिटॅमिन एच्या गोळ्या पण वरून घ्यायच्या नाहीत, कारण हे त्याच घराण्यातलं, दुप्पट होतं. आणि औषध चालू असताना व नंतर महिनाभर रक्तदान करायचं नाही, ते रक्त एखाद्या गरोदर बाईला गेलं तर? आमच्याकडे रक्तदान शिबिरात कॉलेजची पोरं रांग लावतात आणि पिंपल्सही त्याच वयात येतात, तिकडे हा प्रश्न नावानिशी विचारला जावा एवढं तुम्ही बघू शकता.

घराण्याचा विषय निघालाच आहे तर त्यांची एक बहीण आहे, अ‍ॅसिट्रेटिन, सोरायसिसवर देतात. ती बंद केल्यावर महिना नव्हे, तीन वर्षं मूल होऊ द्यायचं नाही! आणि दारू घेतली तर ती अंगात एट्रेटिनेट नावाच्या जुन्या औषधात बदलते, जे चरबीत बसून राहतं, वर्षानुवर्षं निघत नाही. आमच्या गोंयात उन्हाळा आला की हुर्राक कोणाच्या घरी नसतं? एट्रेटिनेट, अ‍ॅसिट्रेटिन, ट्रेटिनॉइन, आयसोट्रेटिनॉइन, टाईप करताना माझाच गोंधळ होतोय, काउंटरवर संध्याकाळी सात वाजता गर्दीत उभ्या पोराचं काय होत असेल. त्यात ट्रेटिनॉइनची कॅप्सूल पण असते आणि ती रक्ताच्या एका प्रकारच्या कॅन्सरवर देतात, म्हणजे तेच नाव ट्यूबवर असलं तर पिंपल्स आणि पट्टीवर असलं तर कॅन्सर.

केंद्राने २०१८ साली नियम केला की औषधाचं मूळ नाव ब्रँडच्या नावापेक्षा दोन फॉन्ट मोठं छापायचं. चांगलं केलं, डीटीपीवाली म्हणून मला आनंदच आहे. पण साहेब, न कळणारा शब्द मोठा केला म्हणून कळतो का? आणि तो मोठा शब्द कात्रीने मधोमध कापला तर? पट्टी कापून देणं बंद करा असं मी म्हणणार नाही, गरिबाला पाच गोळ्यांचेच पैसे जमतात. पण माहितीचा जो कागद असतो तो खोक्यात, खोकं दुकानात, आणि त्यावरचं इंग्रजी असं की मलाही भिंग लागलं.

चतुर्थीच्या माटोळीला आम्ही रानातली किती फळं बांधतो, त्यातलं कुठलं खायचं नि कुठलं नुसतं बांधायचं हे आईला नावावरून कळतं, कारण नावं आमच्या भाषेत आहेत. पणजीत चर्चजवळच्या बागेला ज्याचं नाव आहे त्या गार्सिया द ओर्ताने १५६३ साली याच गोव्यात औषधांचं पुस्तक छापलं, तो पोर्तुगालचा वैद्य, पण एकेका औषधाला अरब काय म्हणतात, गुजरातेत काय म्हणतात, मलबारात काय, इथले लोक काय, हे त्याने विचारून विचारून लिहिलंय. साडेचारशे वर्षांपूर्वी हे सुचलं होतं. आपल्याकडे १९८७ पासून राजभाषा कायदा आहे, कोंकणी राजभाषा, मराठीही सरकारी कामाला चालते, त्यावर भांडणं आपण भरपूर केली (मीही केली, दोन्ही बाजूंची पत्रकं माझ्याच दुकानात छापली जायची). मग त्या दोन भाषांतली चार ओळींची चिठ्ठी या औषधाबरोबर का नसावी?

मागणं एवढंच आहे. रेटिनच्या घराण्यातली गिळायची औषधं विकताना प्रत्येक फार्मसीने कोंकणी-मराठी चिठ्ठी पट्टीला स्टेपल करून द्यायची, पूर्ण पट्टी असो की दोन गोळ्यांचा तुकडा. ज्या अर्ध्यावर पूर्ण नाव आहे तो अर्धा आधी द्यायचा, फोटो बघून द्यायचं नाही, डॉक्टरची चिठ्ठी असेल तरच द्यायचं, हे शेवटचं तर कायद्यात आधीच आहे पण बांबोळीच्या एफडीए (अन्न व औषध प्रशासन) ऑफिसमधून एकदा परिपत्रक निघालं की दुकानदार कान टवकारतात. काही अँटिबायोटिक्स विकताना ज्या वहीत नाव-गाव लिहून ती तीन वर्षं सांभाळून ठेवतात, तसली वही याला पण लावता येते का बघा. शेड्यूल (कुठलं औषध कुठल्या यादीत घालायचं ते) वगैरे केंद्राचा विषय आहे हे मला माहीत आहे, पण चिठ्ठी आपण देऊ शकतो ना? मराठी मजकूर मी टाईप करून ठेवलाय, एका कागदावर आठ बसतात:

"या गोळीचं नाव आयसोट्रेटिनॉइन. ट्रेटिनॉइन क्रीम वेगळं, ही गोळी वेगळी. ही गोळी मूल न होण्याची नाही. गरोदर असाल किंवा दिवस जाण्याची शक्यता असेल तर घेऊ नका, बाळाला व्यंग येऊ शकतं. बंद केल्यावर एक महिना दिवस जाऊ देऊ नका, रक्त देऊ नका. दुसऱ्या कोणाला देऊ नका."

१४ पॉइंटमध्ये केलंय, चष्म्याशिवाय वाचता येतं. फाईल हवी असेल तर पाठवते, पैसे नकोत.

देव बरें करूं.

आपली,
एक डीटीपीवाली, डिचोली

ता. क. चिठ्ठी आईला वाचून दाखवली. तिने एकच दुरुस्ती सांगितली, "गरोदर नको, गुरवार लिही, वाड्यावरच्या बायकांना तेच कळतं." महाराष्ट्रातला माणूस ते वाचून म्हणेल गुरुवारी गोळी घ्यायची नाही वाटतं, म्हणून मराठीत गरोदर ठेवलंय आणि कोंकणी चिठ्ठीत गुरवार केलंय.