तुझ्या सभेतले पंडित जेवतात कुठे?

चि. बाळास अनेक आशीर्वाद.

रविवारी फोनवर तू आणि बाबा एकमेकांना जे बोललात, त्याविषयी या पत्रात एक अक्षरही लिहायचे नाही असे मी ठरवले आहे. नोकरी सोडायची की नाही, ते तुझे तू पाहा. तू पाठवलेली कादंबरीची चारही प्रकरणे मी वाचली, नवा चष्मा आल्यावर पुन्हा एकदा सावकाश वाचली, आणि मला लिहायचे आहे ते त्यातल्या सभेविषयी.

दर बारा वर्षांनी आकाशातले दोन्ही चंद्र जवळ आले की सात खोऱ्यांतले विद्वान तळ्याकाठी जमतात, दिवसभर वाद घालतात आणि रात्री उत्सव करतात, ही कल्पना फार सुंदर आहे. हरलेल्या पंडिताने स्वतःच्या ग्रंथाचे एक पान पाण्यात सोडायचे, हे वाचताना माझ्या अंगावर काटा आला. आजोबांना मात्र ते मुळीच रुचले नसते. एकही कागद न टाकता त्यांनी माळ्यावर भरून ठेवलेल्या पेट्या तुला ठाऊक आहेतच. तुझ्या कादंबरीतला तळ्याचा नकाशा बाबांनी खालच्या मजल्यावरच्या शेजाऱ्यांना नेऊन दाखवला, हे मी तुला सांगितले असे त्यांना कळू देऊ नकोस.

एक गोष्ट मात्र खटकली. चाळीस दिवस एवढी माणसे तिथे राहतात, पण त्यांना शिधा कोण देते, हे कुठेच आलेले नाही. सेनापती दाभाड्यांनी सुरू केलेली श्रावणातली दक्षिणा पुढे पेशव्यांनी पुण्यात चालवली, तेव्हा दूरदूरचे शास्त्री येत, त्यांची परीक्षा होई, आणि पर्वतीच्या पायथ्याच्या रमण्यात, म्हणजे बंदिस्त आवारात, ब्राह्मणांना दक्षिणा वाटली जाई. 1818 मध्ये पेशवाई गेली. दक्षिणेच्या निधीतला काही भाग वळवून इंग्रजांनी 1821 मध्ये विश्रामबागवाड्यात संस्कृत पाठशाळा काढली, आणि पुढे 1849 मध्ये लोकहितवादी आणि इतर सुधारकांनी त्याच पैशातून मराठी ग्रंथांना उत्तेजन मिळावे म्हणून अर्ज केला. हे सारे चांगलेच झाले. पण ज्या शास्त्र्याच्या घरचे वर्षाचे गणित त्या एका श्रावणावर बसलेले होते, त्याच्या बायकोने पुढचा श्रावण कसा काढला असेल, हा विचार माझ्या मनातून जात नाही. दरमहा ठरलेल्या तारखेला खात्यात पैसे जमा होणे ही लहान गोष्ट नव्हे, बाळा.

बघ, आलेच मी तिथे. क्षमा कर.

दुसरे असे की, तुझ्या सभेत बायका दिवे लावतात, पण एकही बोलायला उठत नाही. आपल्याकडे न्यायमूर्ती रानड्यांनी पहिले ग्रंथकार संमेलन 1878 मध्ये भरवले आणि अध्यक्षपदी पहिली स्त्री, कुसुमावती देशपांडे, आली ती 1961 मध्ये, ग्वाल्हेरला. 1885 च्या ग्रंथकार सभेचे निमंत्रण तर जोतीराव फुल्यांनी पत्र लिहून साफ नाकारले होते. निमंत्रण नाकारणारा असा एक माणूस तुझ्या कथेत आला, तर ती सभा खरी वाटेल.

आणि भांडणे काय फक्त तत्त्वांचीच होतात? 2008 च्या सांगलीच्या संमेलनात आपण कूपन घेऊन जेवणाच्या रांगेत उभे होतो, तेव्हा पुढचे एक नावाजलेले कवी मठ्ठा संपला म्हणून वाढप्याशी केवढी हुज्जत घालत होते! तू त्यांच्याकडे टक लावून पाहत होतास. दुपारी ग्रंथप्रदर्शनातल्या एका गाळ्याच्या टेबलाखाली, खोक्यांना टेकून तू वाचत बसलेला सापडलास, मी रागाने दंड धरून ओढले, तर तू म्हणालास, "आई, एवढे पान होऊ दे." मला तेव्हा तुझा अभिमान वाटला होता, आणि धास्तीही. दोन्ही अजून तशीच आहेत.

जयंत नारळीकरांनी पहिली विज्ञानकथा टोपणनावाने स्पर्धेला पाठवली, अक्षर ओळखू येऊ नये म्हणून ती पत्नीकडून लिहून घेतली, आणि 2021 मध्ये नाशिकच्या संमेलनाचे ते अध्यक्ष झाले. हे सारे त्यांनी खगोलशास्त्राची नोकरी सांभाळून केले, एवढेच मी नोंदवते. पुन्हा व्याख्यान झाले. वर्गात जन्म गेला, सवय सुटत नाही. तुझे लेखन चांगले आहे. आई म्हणून नव्हे, इतकी वर्षे निबंध तपासलेली बाई म्हणून सांगते.

पाचव्या प्रकरणात सभेचे कोठीघर येऊ दे. छापील प्रत पाठवलीस तर बाबांसाठी अक्षर मोठे ठेव. आणि नोकरी सोडली की कंपनीचा आरोग्य विमा बंद होतो, हे तुला माहीत आहे ना? तेवढे कळव.

तुझी,
आई