सरपंच थेट, मग राष्ट्रपती का नाही?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

मागच्या आठवड्यात आपल्या वाचकपत्रांच्या पानावर एका वाचकबंधूंनी मागणी केली, की राष्ट्रपती आता थेट जनतेच्या मतांनी निवडावा. गावचा सरपंच थेट, शहराचा नगराध्यक्ष थेट, मग देशाचा प्रथम नागरिक निवडताना आम्हीच बाहेर का, असा त्यांचा सवाल. त्या दिवशी पावसानं उघाड दिली नव्हती, डवरे बांधावर पडून होते, त्यामुळे आमच्या पानठेल्यावर बरीच मंडळी जमली होती. पत्र मोठ्यानं वाचलं गेलं आणि "हाव ना भाऊ, बराबर लिवलं" असा निकाल तिथल्या तिथं लागला. विरोधात मी एकटा. माझं कोणी ऐकून घेतलं नाही, म्हणून तुम्हाला लिहितो आहे.

मी एक टर्म ग्रामपंचायतीत सदस्य होतो, तीही थेट सरपंचाच्या राज्यात. सरपंच एका गटाचा आणि सदस्यांत बहुमत आमच्या गटाचं. टाकीपासून खालच्या पुऱ्यापर्यंत पाइपलाइन टाकायचा ठराव तीनदा आला आणि तीनदा आम्ही पाडला. लपवत नाही, हात वर करणाऱ्यांत मीही होतो. कारण त्यानं आमच्या वॉर्डातली नाली विषयपत्रिकेवर येऊच दिली नव्हती. तो म्हणे, मला सगळ्या गावानं निवडलं. आम्ही म्हणू, आम्हालाही गावानंच निवडलं. दोघांचंही खरं होतं आणि तीच अडचण होती. त्याला काढावं म्हटलं, तर पहिली दोन वर्षं अविश्वास आणता येत नाही. नंतरही तीन चतुर्थांश सदस्य लागतात आणि वर ग्रामसभेची मान्यता. खालच्या पुऱ्यातल्या बाया मात्र दर उन्हाळ्यात वावरातल्या विहिरीवरून पाणी आणत राहिल्या.

सरकारलाही या बाबतीत काय हवं ते ठरवता आलेलं नाही. 2017 मध्ये सरपंच थेट झाला, 2020 मध्ये सदस्यांतून निवडू लागले, 2022 मध्ये पुन्हा थेट. मी थेट सरपंचाच्या सरसकट विरोधात नाही. सदस्यांतून निवड होती तेव्हा सदस्य फार्महाऊसवर नेऊन ठेवायचे, तेही पाहिलंय. पण सरपंचाला निदान काम असतं. राष्ट्रपतीला आपण कोणतं काम दिलंय, ते आधी पाहा.

घटना समितीत प्रा. के. टी. शहा यांनी अगदी हीच मागणी केली होती, की सगळ्या प्रौढ मतदारांनी राष्ट्रपती निवडावा. ती मान्य झाली नाही. नेहरूंचं म्हणणं असं होतं, की खरी सत्ता मंत्रिमंडळाकडं आणि संसदेकडं ठेवायची आणि राष्ट्रपतीला मात्र सगळ्या देशाच्या मतांनी निवडायचं, हे जुळत नाही. डॉ. आंबेडकरांनी 4 नोव्हेंबर 1948 ला मसुदा मांडताना आणखी स्पष्ट सांगितलं: राष्ट्रपती राष्ट्राचा प्रमुख आहे, कार्यकारी सत्तेचा नाही, तो राष्ट्राचं प्रतिनिधित्व करतो, राज्य करत नाही. कारभारात त्याची जागा त्यांनी शिक्क्यावरच्या मुद्रेसारखी सांगितली. राष्ट्राचा निर्णय त्या मुद्रेनं जाहीर होतो, एवढंच.

आता ही मुद्रा नव्वद-पंचाण्णव कोटी मतदारांच्या दारोदार फिरवून निवडली, तर ती गप्प बसेल का? सभा घेईल, जाहीरनामा काढेल, कर्जमाफी देतो म्हणेल. निवडून आल्यावर पंतप्रधानाला विचारेल, तुला एका मतदारसंघानं निवडलं, मला अख्ख्या देशानं. सही कोणाच्या सांगण्यावरून करू?

हे माझ्या मनचं नाही. श्रीलंकेत राष्ट्राध्यक्ष थेट निवडतात. ऑक्टोबर 2018 मध्ये तिथल्या राष्ट्राध्यक्षांनी, सिरिसेनांनी, पंतप्रधान विक्रमसिंघेंना काढून राजपक्षेंना बसवलं. संसदेनं नवा माणूस मानला नाही, जुना हटला नाही आणि जवळपास सात आठवडे देशात दोन पंतप्रधान मिरवत होते. संसद बरखास्त केली, तर सुप्रीम कोर्टानं तो हुकूम घटनाबाह्य ठरवला. आमच्या पाइपलाइनचाच हा मोठा अवतार. फ्रान्समध्ये 1962 च्या सार्वमतानंतर राष्ट्राध्यक्ष थेट निवडतात. तिथंही 1986 मध्ये मित्तराँ एका बाजूचे आणि पंतप्रधान शिराक दुसऱ्या बाजूचे, अशी वेळ आली. पण तिथल्या राष्ट्राध्यक्षाला स्वतःचे अधिकार आहेत, म्हणून थेट निवडीला काही अर्थ तरी आहे.

आपल्याकडं मतदान कोण करतं, हे पानठेल्यावर सांगायला गेलो तेव्हा खरी गंमत झाली. संसदेच्या दोन्ही सभागृहांचे निवडून आलेले खासदार आणि विधानसभांचे निवडून आलेले आमदार. विधान परिषदेचे आमदार नाहीत, म्हणजे आपल्या शिक्षक आणि पदवीधर मतदारसंघांचे आमदारही नाहीत. दिल्ली आणि पुद्दुचेरीच्या विधानसभा आहेत. नामनियुक्त खासदार निवडणुकीत मत देऊ शकत नाहीत, पण त्याच राष्ट्रपतीवर महाभियोग चालला तर देऊ शकतात. आणि ज्या आमदारांनी निवडलं, त्यांना काढताना कोणी विचारत नाही! घटना करणाऱ्यांचं हे गणित मला अजून पटलेलं नाही.

मग मी म्हटलं, आपल्या आमदाराच्या मताचं मूल्य 175 आहे. एकानं लगेच विचारलं, "रुपये का?" हसू आवरल्यावर हिशेब सांगितला. राज्याची 1971 ची लोकसंख्या घ्यायची, निवडून येणाऱ्या आमदारांच्या संख्येनं भागायची, आलेल्या आकड्याला हजारानं भागायचं. महाराष्ट्र 5,04,12,235 भागिले 288, म्हणजे 1,75,042, म्हणून 175. उत्तर प्रदेशचा आमदार 208, सिक्कीमचा 7. म्हणजे सिक्कीमचे पंचवीस आमदार एकत्र आले, की आपला एक होतो. विदर्भाचे 62 आमदार मिळून 10,850. सगळ्या आमदारांच्या मतांची बेरीज करून तिला खासदारांच्या संख्येनं भागलं, की एका खासदाराच्या मताचं मूल्य निघतं. आधी ते 708 होतं. 2022 मध्ये जम्मू-काश्मीरला विधानसभा नव्हती, म्हणून 700 झालं. त्या वेळी एकूण मूल्य 10,86,431 होतं आणि द्रौपदी मुर्मूंना त्यातली 6,76,803 मिळाली, यशवंत सिन्हांना 3,80,177.

पक्षाचा व्हिप इथं चालत नाही. 2007 मध्ये प्रतिभाताई पाटील उभ्या राहिल्या तेव्हा शिवसेना दुसऱ्या आघाडीत असूनही मराठी उमेदवार म्हणून त्यांच्या मागं उभी राहिली. ताई मूळच्या जळगाव जिल्ह्यातल्या, पण अमरावतीच्या सूनबाई आणि तिथल्याच माजी खासदार. त्या वर्षी अमरावतीकडच्या माणसाला विचारून पाहायचं होतं, ही निवडणूक दूरची वाटते का म्हणून.

आणि ही निवडणूक नुसती नावापुरतीच असते, असंही नाही. 1969 मध्ये झाकीर हुसेन पदावर असतानाच वारले. उपराष्ट्रपती गिरींनी काही काळ कारभार पाहिला आणि मग निवडणूक लढवायला राजीनामा दिला. तेव्हा महिनाभर राष्ट्रपतिपद सांभाळलं सरन्यायाधीश हिदायतुल्ला यांनी. हे नागपूरच्या मॉरिस कॉलेजात शिकलेले आणि नागपूर उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायाधीश राहिलेले. निवडणुकीत गिरी, नीलम संजीव रेड्डी आणि तिसरे आपले सी. डी. देशमुख, संयुक्त महाराष्ट्राच्या प्रश्नावर अर्थमंत्रिपद सोडणारे. या निवडणुकीत मत देणारा उमेदवारांना पहिली, दुसरी अशी पसंती देतो. जिंकायला 4,18,169 मतमूल्य लागत होतं आणि पहिल्या पसंतीत गिरींची गाडी 4,01,515 वर अडली. देशमुखांना 1,12,769 मिळाली होती. दुसऱ्या पसंतीची मतं मोजल्यावर गिरी 4,20,077 वर गेले, रेड्डी 4,05,427 वर राहिले. एवढ्या चुरशीची निवडणूक पुन्हा झालेली नाही.

"मंग थो नुसता सही करते का?" हा पुढचा प्रश्न. बहुतेक वेळा, हो. मंत्रिमंडळाचा सल्ला एकदा फेरविचारासाठी परत पाठवता येतो. तोच सल्ला पुन्हा आला तर मानावा लागतो. पण त्या एकदाच्या परत पाठवण्यातही दम असतो. 1997 मध्ये उत्तर प्रदेशात राष्ट्रपती राजवट लावायची शिफारस के. आर. नारायणन यांनी परत पाठवली आणि सरकारनं ती सोडून दिली. कलामांनी 2006 मध्ये लाभाच्या पदांचं विधेयक परत पाठवलं. ते जसंच्या तसं पुन्हा आल्यावर त्यांना सही करावी लागली. झैलसिंगांनी टपाल विधेयकावर हो-नाही काहीच केलं नाही आणि ते तसंच राहिलं. याच्या उलट 25 जून 1975 ची आणीबाणीच्या हुकमावरची ती सही. फक्रुद्दीन अली अहमद यांनी मंत्रिमंडळाची बैठक होण्याआधीच ती केली. त्या रात्री ते थेट निवडून आलेले असते तर नकार देते, असं कोणाला वाटत असेल तर वाटो. मला नाही वाटत. आडवं जायला माणसाचा कणा लागतो. कोटभर मतं पाठीशी असलेले, पण वरून फोन आला की वाकणारे पुढारी आपण रोज पाहतो.

वाचकबंधूंना भांडायचंच असेल, तर 1971 वर भांडावं. हा आकडा लोकसंख्या आटोक्यात ठेवणाऱ्या राज्यांचं नुकसान होऊ नये म्हणून गोठवला आहे आणि 2026 नंतरच्या पहिल्या जनगणनेचे आकडे प्रसिद्ध होईपर्यंत तोच चालेल. नव्या जनगणनेची संदर्भ तारीख 1 मार्च 2027 जाहीर झाली आहे आणि मुर्मूंची मुदत त्याच वर्षी 24 जुलैला संपते. म्हणजे ती निवडणूक बहुधा जुन्याच आकड्यांवर होईल, बदल त्यानंतर.

तो बदल केवढा असेल, हे मी कृषी केंद्राच्या बिलामागं 2011 चे आकडे घेऊन काढून पाहिलं. आज तमिळनाडूचा आमदार 176 आणि आपला 175. 2011 धरलं, तर आपला 390 आणि त्यांचा 308. उत्तर प्रदेशचा 496. देशाच्या लोकसंख्येत महाराष्ट्राचा वाटा 1971 मध्ये 9.2 टक्के होता, 2011 मध्ये 9.3, म्हणजे आपण आहोत तिथंच आहोत. तमिळनाडू साडेसात टक्क्यांवरून सहावर आला. ज्यांनी सरकारचं ऐकून घरं लहान ठेवली, त्यांचं मत हलकं होणार. यावर दक्षिणेकडं मोठी चर्चा आहे, आपल्याकडं चकार शब्द नाही. आपल्या 62 आमदारांपैकी एकानं तरी यावर तोंड उघडलेलं असेल, तर आपण ते छापावं. मी ते पानठेल्यावर वाचून दाखवीन.

आमच्या पाइपलाइनचं विचाराल, तर ती शेवटी झाली. मुदत संपली, निवडणूक लांबली आणि प्रशासक बसला, त्याच्या काळात.

आपला नियमित वाचक,
एक माजी ग्रामपंचायत सदस्य,
ता. दारव्हा, जि. यवतमाळ